रेकॉर्डवर न छापलेले नाव

जुन्या ७८ फेऱ्यांच्या रेकॉर्डच्या मधोमध एक गोल कागद असे. त्यावर ग्रामोफोनच्या कर्ण्यासमोर बसलेला तो प्रसिद्ध कुत्रा, गायकाचे नाव, गाण्याचे किंवा रागाचे नाव आणि एक क्रमांक एवढे छापलेले असे. कवीचे नाव कधी असे, कधी नसे. एक नाव मात्र त्या कागदावर सहसा नसेच. या गायकाला हुडकून काढणारा, त्याची मनधरणी करणारा, तीन मिनिटांत काय गायचे हे ठरवणारा आणि त्याला मायक्रोफोनसमोर उभा करणारा जो माणूस, त्याचे ते नाव. आज मला अशाच एका माणसाविषयी आणि त्याच्या कामाविषयी बोलायचे आहे. मराठी माणसाने हे नाव विसरू नये असे मला वाटते. ते नाव म्हणजे एच.एम.व्ही. कंपनीचे जी. एन. जोशी.

पण जोशींकडे येण्यापूर्वी थोडे मागे जाऊ या. आमच्या सोलापूरचे शाहीर राम जोशी एकोणिसाव्या शतकाच्या आरंभी वारले. त्यांच्या लावण्या राहिल्या, त्यांच्या आख्यायिका राहिल्या, त्यांच्यावर चित्रपटही निघाला. पण डफ-तुणतुण्याच्या साथीवर त्यांचा आवाज कसा लागत असे, हे सांगणारा कोणी उरला नाही. शब्द कागदावर राहतो, आवाज माणसाबरोबर मातीत जातो, असा हजारो वर्षांचा नियम होता. १८७७ साली एडिसनने फोनोग्राफ बनवला आणि तो नियम मोडला. त्यानंतर पंचवीस वर्षांनी, १९०२ साली, फ्रेड गैसबर्ग नावाचा एक अमेरिकन तरुण यंत्रे घेऊन कलकत्त्याला उतरला. त्याच वर्षी त्याने मिलानमध्ये कारुसो या इटालियन गायकाचे ध्वनिमुद्रण केले होते. हिंदुस्थानी संगीताचा त्याला गंधही नव्हता. नाटकगृहांत आणि बड्या लोकांच्या बैठकींत जाऊन तो नुसता ऐकत बसला आणि त्यातून त्याने गौहर जान निवडली. गाणे संपताना गौहर जान इंग्रजीत आपले नाव मोठ्याने सांगत असे. लोकांना ती ऐट वाटे. खरे कारण साधे होते. मेणाच्या तबकड्या जर्मनीत हानोव्हरला जात आणि तेथील कारागिरांना कोणते गाणे कोणाचे हे कळायला हवे होते.

म्हणजे पहिल्या दिवसापासून या धंद्यात दोन माणसे होती. एक गाणारा आणि एक निवडणारा. गाणाऱ्याने आपले नाव ओरडून सांगितले. निवडणारा गप्प राहिला.

निवडणाऱ्याचे काम सोपे नव्हते. कित्येक उस्तादांना हे यंत्र नकोसे वाटे. यंत्र आवाज शोषून घेते असे कोणी म्हणे, पिढ्यान्‌पिढ्या जपलेली घराण्याची चीज पानाच्या ठेल्यावर वाजेल असे कोणी म्हणे. दुसरी भीती काही खोटी नव्हती. आपल्याच भागातली दोन उदाहरणे घ्या. मिरजेचे अब्दुल करीम खाँ यांनी विसाव्या शतकाच्या सुरुवातीला ध्वनिमुद्रण दिले आणि पुन्हा १९३४ ते १९३६ या काळात ओडियन कंपनीसाठी दिले. लगेच १९३७ साली ते वारले. पण त्या तबकड्यांमुळे आजही कोणीही पोर त्यांचा सूर ऐकू शकते. याउलट कोल्हापूरचे अल्लादिया खाँ. जयपूर-अत्रौली घराण्याचे ते आद्यपुरुष. केसरबाई केरकर आणि मोगूबाई कुर्डीकर या त्यांच्या शिष्या. खाँसाहेब १९४६ पर्यंत हयात होते आणि त्यांच्या आवाजाची एकही रेकॉर्ड नाही. दोघेही थोर, दोघेही कृष्णा-पंचगंगेच्या खोऱ्यात स्थिरावलेले. एकाचा आवाज आपल्याकडे आहे, दुसऱ्याची फक्त कीर्ती. या दोहोंमधले अंतर केवढे आहे, हे लक्षात घेतले म्हणजे रेकॉर्ड कंपनीच्या त्या अनाम माणसाचे मोल कळते.

जी. एन. जोशी हे मूळचे गाणारे. नागपूरला वकिलीचे शिक्षण घेत असताना ते बैठकींत गात. मेहकरचे कवी ना. घ. देशपांडे यांची ‘शीळ’ ही कविता त्यांनी चाल लावून म्हणायला सुरुवात केली आणि १९३०च्या दशकाच्या सुरुवातीला तिची रेकॉर्ड निघाली. ती रेकॉर्ड महाराष्ट्रभर वाजली. मराठी भावगीताचा इतिहास सांगताना आजही तिचे नाव आधी घेतले जाते. मी कवी आहे, म्हणून यातली एक गोष्ट मला विशेष वाटते. ना. घं.चा ‘शीळ’ हा कवितासंग्रह १९५४ साली आला. म्हणजे कवीचे पुस्तक येण्याच्या सुमारे वीस वर्षे आधी त्याची कविता घराघरांत पोहोचली होती. ज्यांनी आयुष्यात कवितेचे पुस्तक विकत घेतले नाही, अशा माणसांच्या ओठांवर ती होती. वऱ्हाडातल्या एका लहान गावातील कवीला हे भाग्य मासिकाने दिले नाही, प्रकाशकाने दिले नाही. ते दिले एका गाणाऱ्या विद्यार्थ्याने आणि लाखेच्या तबकडीने.

१९३८ साली जोशी एच.एम.व्ही.च्या मुंबईच्या कचेरीत ध्वनिमुद्रणाच्या कामावर रुजू झाले. वकिलीचा काळा कोट बाजूला राहिला. पुढची तीसहून अधिक वर्षे त्यांनी दुसऱ्यांना गाते करण्यात घालवली. ‘स्वरगंगेच्या तीरी’ या नावाने त्यांनी आठवणी लिहिल्या आणि १९८४ साली त्या इंग्रजीतही आल्या. स्वतः उत्तम गाणाऱ्याने दुसऱ्याच्या आवाजासाठी खुर्ची मांडायची, पाणी विचारायचे, रुसवे काढायचे, हे मोठ्या मनाचे काम आहे. आपल्याकडे त्याला नोकरी म्हणतात.

या नोकरीत करायचे काय, ते थोडे सांगतो. तबकडीच्या एका बाजूला सव्वातीन मिनिटांच्या आसपास गाणे मावे. जो गायक एक राग दीड तास मांडतो, त्याला सांगायचे की खाँसाहेब, तीन मिनिटांत सारे आले पाहिजे. आलाप किती, बंदिश कुठे सुरू करायची, शेवटची तान कोणत्या क्षणी संपवायची, याची तालीम घ्यायची. आवाज मोठा असेल तर गायकाला मायक्रोफोनपासून मागे बसवायचे, सारंगी पुढे, तबला आणखी मागे. टेप येण्यापूर्वीच्या काळात ध्वनिमुद्रण थेट मेणावर होई. मध्ये चूक झाली तर खोडायची सोय नव्हती, पुन्हा पहिल्यापासून गायचे. मेणावरचे गाणे वाजवून पाहावे तर ते मेणच बिघडे. म्हणून जे झाले ते बरे झाले की नाही, याचा निर्णय त्या माणसाने नुसत्या कानावर घ्यायचा. मग त्यावरून धातूचे साचे, डमडमच्या कारखान्यात लाखेच्या तबकड्या आणि तेथून रेल्वेने गावोगावच्या दुकानांत. लाख ही आपल्याच जंगलांतली. तबकड्या करायला ती इथून साऱ्या जगात जाई.

पण या माणसाच्या हाती याहून मोठी एक गोष्ट होती. तो नाव ठेवत असे. गंगूबाई हनगल यांच्या सुरुवातीच्या रेकॉर्डवर त्यांचे नाव ‘गांधारी’ असे आहे. गंगूबाई हे नाव कंपनीला जुन्या वळणाचे वाटले, खपणारे वाटले नाही. स्वतः जोशींनी या गांधारीबरोबर मराठी द्वंद्वगीते गायली आहेत आणि ती गाजलीही. पुढे बाईंचा अधिकार एवढा वाढला की कंपनीने दिलेले नाव गळून पडले आणि आईबापांनी दिलेले नावच जगाने डोक्यावर घेतले. सगळ्यांच्या नशिबी हे नसते.

बंगालमध्ये याहून विलक्षण प्रकार झाला. महंमद कासेम नावाचा गायक कालीमातेची भक्तिगीते गाई. रेकॉर्डवर त्याचे नाव पडले के. मल्लिक. ऐकणाऱ्याला जात-धर्म कळू नये एवढी सोय त्या नावात होती. उलट धीरेन दास या हिंदू गायकाने मुस्लिम भक्तिगीते गायली, तेव्हा ते गनी मियाँ झाले. गाणे दोघांचेही खरे होते, भक्तीही खरी असावी. खोटे होते ते फक्त कागदावरचे नाव. माझे नाव वाचून मलाही अधूनमधून कोणी विचारतो, ‘तुम्ही मराठीत लिहिता?’ विचारणारा वाईट नसतो. पण के. मल्लिक या नावाचा अर्थ मला त्या प्रश्नापाशी नेमका कळतो. हे मराठी आम्ही कोठून उसने आणलेले नाही, हे सांगण्यासाठी १९९० साली याच सोलापुरात पहिले मुस्लिम मराठी साहित्य संमेलन भरवावे लागले.

त्याच बंगालमधली आणखी एक हकीकत. १९३०च्या दशकाच्या सुरुवातीला काझी नझरुल इस्लाम हे ग्रामोफोन कंपनीसाठी गीते लिहीत आणि चाली बांधत. तरुण गायक अब्बासुद्दीन यांनी त्यांना रमजान ईदवर बंगाली गीत लिहायला सांगितले. कंपनीतल्या अधिकाऱ्याने साफ नकार दिला. मुसलमान रेकॉर्ड विकत घेत नाहीत, हे खपणार नाही, असे त्याचे गणित. अब्बासुद्दीन मागे लागून राहिले. काही महिन्यांनी अधिकारी एकदाचा हो म्हणाला. ईदच्या सुमारास रेकॉर्ड आली आणि तुफान खपली. आज बंगाली मुसलमानांची ईद त्या गाण्यावाचून होत नाही. नकार देणारा माणूस दुष्ट नव्हता. त्याने फक्त बाजार पाहिला होता, माणसे पाहिली नव्हती. रेकॉर्ड कंपनीतल्या माणसाचा एक ‘हो’ केवढा असतो आणि एक ‘नाही’ केवढा, याचे याहून स्पष्ट उदाहरण मला ठाऊक नाही.

योगायोग पाहा. ज्या १९३८ साली जोशी मुंबईत कामाला लागले, त्याच वर्षाच्या डिसेंबरात न्यूयॉर्कमध्ये त्यांचा एक व्यवसायबंधू मोठा घाट घालत होता. त्याचे नाव जॉन हॅमंड. अतिश्रीमंत घराण्यातला हा मुलगा काळ्या लोकांचे गाणे ऐकत हार्लेमच्या गल्ल्यांत हिंडे. बिली हॉलिडे त्यानेच १९३३ मध्ये पुढे आणली. १९३८ मध्ये त्याने कार्नेगी हॉलमध्ये कृष्णवर्णीयांच्या संगीताची मैफल ठरवली आणि त्यासाठी मिसिसिपीच्या रॉबर्ट जॉन्सन या गिटारवादकाला माणसे धाडून शोधले. उत्तर आले की तो काही महिन्यांपूर्वीच वारला. तेव्हा हॅमंडने मंचावर जॉन्सनच्या दोन रेकॉर्ड वाजवल्या. माणूस नाही, पण आवाज हजर. जॉन्सनने जन्मात अवघी २९ गाणी रेकॉर्ड केली होती. तीच गाणी १९६०च्या दशकात इंग्लंड-अमेरिकेतल्या तरुणांनी ऐकली आणि रॉक संगीताचा पाया घातला. याच हॅमंडने १९६१ मध्ये बॉब डिलन नावाच्या वीस वर्षांच्या पोराला करारबद्ध केले. पहिली रेकॉर्ड फारशी खपली नाही. कंपनीतले लोक त्या पोराला ‘हॅमंडचा वेडेपणा’ म्हणू लागले. त्या वेडेपणाला २०१६ साली साहित्याचे नोबेल मिळाले.

आपल्या जोशींनीही असा एक वेडेपणा केला. साल १९६७. तोपर्यंत लाँग प्लेइंग रेकॉर्ड आली होती. एका बाजूला वीस मिनिटे मिळू लागली होती. अमीर खाँ यांचे मारवा आणि दरबारी अशा रेकॉर्डवर रसिकांपर्यंत पोहोचले होते. जोशींनी तिशीच्या आसपासचे तीन वादक एकत्र आणले. संतूरवर जम्मूचे शिवकुमार शर्मा, बासरीवर अलाहाबादचे हरिप्रसाद चौरसिया आणि गिटारवर जोधपूरचे ब्रिजभूषण काब्रा. तबल्यावर माणिकराव पोपटकर. यांतले संतूर शास्त्रीय संगीताचे वाद्यच नव्हे असे म्हणणारे तेव्हा पुष्कळ होते. गिटार तर परदेशी. अशा वाद्यांनी मिळून काश्मीरच्या दरीतल्या एका मेंढपाळाचा दिवस रंगवायचा. पहाटेच्या अहिरभैरवापासून रात्रीच्या पहाडीपर्यंत, एकही शब्द न उच्चारता. ‘कॉल ऑफ द व्हॅली’ ही ती रेकॉर्ड. कंपनीच्या हिशेबात असल्या कल्पनेला आधी जागा नव्हती. ती पुढे हिंदुस्थानी वाद्यसंगीताच्या जगभर सर्वाधिक ऐकल्या गेलेल्या रेकॉर्डपैकी एक झाली. बीटल्सच्या जॉर्ज हॅरिसनसारख्या पाश्चात्त्य रॉक कलावंतांना तिने वेड लावले.

हॅरिसन १९६८ च्या जानेवारीत मुंबईला आला आणि फोर्टमधल्या एच.एम.व्ही.च्या स्टुडिओत त्याने एका चित्रपटासाठी ध्वनिमुद्रण केले. त्या वेळी शिवकुमार आणि हरिप्रसाद हे दोघेही त्याच्यासाठी वाजवायला होते. त्याच्यासाठी यंत्रसामग्रीची सोय लावणारे कंपनीचे अधिकारी भास्कर मेनन पुढे अमेरिकेत कॅपिटॉल रेकॉर्ड्सचे प्रमुख झाले. १९७३ मध्ये पिंक फ्लॉइडची ‘द डार्क साइड ऑफ द मून’ ही रेकॉर्ड अमेरिकेत घराघरांत नेण्यामागे त्यांची हिकमत होती. रॉकवाले हिंदुस्थानात आले, असे आपण कौतुकाने सांगतो. हिंदुस्थानी माणसेही रॉकच्या कारभारात तितकीच आत होती, हे सांगायचे राहून जाते.

याहूनही लांब गेलेली एक गोष्ट आहे. अल्लादिया खाँसाहेबांचा आवाज राहिला नाही असे मी म्हटले. पण त्यांच्या शिष्या, गोव्याच्या केसरबाई केरकर यांनी भैरवीची एक रेकॉर्ड दिली होती. तीच जुनी, साडेतीन मिनिटांची. १९७७ साली अमेरिकेने व्हॉयेजर ही दोन याने अंतराळात सोडली, तेव्हा पृथ्वीची ओळख म्हणून सोबत दिलेल्या सोन्याच्या तबकडीवर ती भैरवी घेतली. ५ सप्टेंबरला व्हॉयेजर-१ निघाले आणि १६ सप्टेंबरला केसरबाई वारल्या. २०१२ साली ते यान सूर्याच्या प्रभावक्षेत्राबाहेर गेले. बाई रेकॉर्ड द्यायला फारशा राजी नसत, हे सर्वश्रुत आहे. कोणीतरी त्यांना एकदा राजी केले असेल. तार्‍यांच्या दिशेने चाललेल्या त्या भैरवीत त्या माणसाचाही वाटा आहे. त्याचे नाव सोन्याच्या तबकडीवरही नाही.

आता आपल्या गावाकडे येऊ. सोलापूर हे गिरण्यांचे आणि मागांचे गाव. इथे मराठी, कन्नड, तेलुगू आणि दखनी या चार बोली एकाच गल्लीत ऐकू येतात. या जिल्ह्याने बार्शीचे अमर शेख दिले. त्यांचा आवाज ऐकायला मैदाने भरत. तो आवाज तीन मिनिटांच्या चौकटीत मावणारा नव्हताच, त्याला मैदानच हवे होते. मंगळवेढ्याचे प्रल्हाद शिंदे याच मातीतले. कव्वालीच्या फडावर घडलेला त्यांचा आवाज रेकॉर्डवर आणि नंतर कॅसेटवर चढला. आज आषाढीच्या वाटेवर त्यांची विठ्ठलगीते वाजत नाहीत असा मुक्काम नाही. कव्वालीचा गळा आणि विठ्ठलाचे नाव, हा मेळ या जिल्ह्यात कोणाला विचित्र वाटत नाही. पण तो गळा एका फडापुरता राहू न देता कोणीतरी स्टुडिओत नेला, म्हणून तो महाराष्ट्राला मिळाला.

आणि जे नेले गेले नाहीत त्यांचे काय? मोहरमच्या सवारीपुढे मराठी-दखनीत म्हटली जाणारी करबल्याची गीते, मागावर बसलेल्या बायांची तेलुगू गाणी, जात्यावरच्या आमच्या आजींच्या ओव्या, भारुडे म्हणणारे म्हातारे. यांच्याकडे फ्रेड गैसबर्ग आला नाही, जी. एन. जोशीही आले नाहीत. त्यांना दोष देता येत नाही. कंपनी धर्मादाय नव्हती. पण राम जोशींच्या आवाजाचे जे झाले, तेच या आवाजांचे आजही होते आहे. तेव्हा यंत्र नव्हते म्हणून आवाज गेला. आता तर यंत्र प्रत्येकाच्या खिशात आहे आणि तरीही आवाज जातो आहे.

ती कंपनी आता सारेगामा या नावाने चालते. जुनी गाणी बोटाच्या टोकावर आली आहेत. कोणीही गावे, कोणीही जगाला ऐकवावे, मधला माणूस नको, असे दिवस आले. एका परीने हे चांगलेच झाले. कोणा अधिकाऱ्याच्या नकारापायी ईदचे गाणे आता अडून राहणार नाही. कोणा गंगूबाईला गांधारी व्हावे लागणार नाही. पण मधला माणूस फक्त अडवत नव्हता, तो ऐकतही होता. हजारांतून एक सूर ओळखून ‘याला राहू द्या’ असे म्हणणारा कान यंत्राला नाही. काय खूप ऐकले गेले एवढेच त्याला कळते. काय ऐकले जायला हवे, हे त्याला कळत नाही.

म्हणून ते काम आता तुमच्या-माझ्याकडे आले आहे. येत्या मोहरमला किंवा आषाढीला कोणी म्हातारे गाताना दिसले, तर त्यांची परवानगी घ्या, शेजारी बसा आणि खिशातले यंत्र सुरू करा. गाणे संपले की गावाचे नाव आणि वर्ष त्यात सांगा. आणि गाणाऱ्याचे नाव, त्याच्या आईबापांनी ठेवलेले, जसेच्या तसे.

(नभोवाणीवरील भाषणाचा संपादित अंश)